जलपर्णी आणि प्रायश्चित्त

पावसाळा ओसरू लागला की साचलेल्या गोड्या पाण्यावर एक फूल उमलते. रंग फिकट जांभळा, पाकळ्या सहा, आणि सर्वांत वरच्या पाकळीवर निळसर वलयात बसलेला पिवळा ठिपका, मोरपिसावरच्या डोळ्यासारखा. एका दांड्यावर आठ-दहा फुले एकत्र फुलतात आणि दिवस-दोन दिवसांत कोमेजतात. पुण्याकडे या वनस्पतीला जलपर्णी म्हणतात, पंचगंगेकाठी केंदाळ. महापालिकांच्या दप्तरी तिची नोंद उपद्रव अशी आहे. ती काढण्यासाठी ठेके दिले जातात, यंत्रे पाण्यात उतरतात. पण सकाळच्या कोवळ्या उन्हात ज्याने तिचा फुलोरा एकदा पाहिला आहे, त्याच्या तोंडून तिच्याविषयी वाईट शब्द सहजासहजी निघत नाही.

परमेश्वराने जे जे निर्माण केले ते ते त्याला चांगले दिसले, असे उत्पत्तीचे पुस्तक पहिल्याच अध्यायात सांगते. मग त्या चांगल्या सृष्टीतील एक देखणे फूल जेव्हा एखाद्या नदीचा, तळ्याचा श्वास कोंडते, तेव्हा वाईट नेमके कोठे असते? फुलात? की फूल आणणाऱ्या हातात? आणि आणणाऱ्याचा हेतू निर्मळ असला, तर? हा प्रश्न माझ्यासाठी केवळ पुस्तकी नाही. वाचकांपाशी एक गोष्ट उघड केल्याशिवाय त्याचे उत्तर शोधण्याचा अधिकार मला नाही.

२००० साली, ख्रिस्तजन्माच्या महाज्युबिलीच्या वर्षी, मी वसई परिसरातील एका धर्मग्रामात साहाय्यक धर्मगुरू होतो. गुरुदीक्षा होऊन फार दिवस झाले नव्हते आणि उत्साह अनुभवाच्या पुढे धावत होता. चर्चच्या मागे, केळी आणि पानवेलींच्या वाड्यांना लागून, एक बावखल होते. वसईकर वाचकांना बावखल समजावून सांगण्याची गरज नाही. इतरांसाठी एवढेच, की पावसाचे गोडे पाणी साठवणारे, आसपासच्या विहिरी जिवंत ठेवणारे, पूर्वी रहाटाने आणि पुढे पंपाने वाड्या शिंपणारे असे हे आमच्या पूर्वजांनी खणलेले तळे. समुद्र हाकेच्या अंतरावर असताना विहिरींचे पाणी गोड राहते, त्यात बावखलांचा मोठा वाटा आहे.

तत्त्वज्ञानाच्या अभ्यासासाठी मी पुण्यात होतो, तेव्हा नदीकाठी फिरताना ही जांभळी फुले पाहत असे. त्या वर्षी जून महिन्यात पुण्याहून परतताना मी चार रोपे बादलीत घालून आणली आणि बावखलात सोडली. पवित्र मरियेच्या जन्माच्या सणाआधी नोव्हेनाच्या दिवसांत मुले फुले घेऊन येतात. त्या फुलांत आपल्या बावखलातलीही फुले असावीत, एवढीच माझी इच्छा. ८ सप्टेंबरला ती फुले वेदीजवळ ठेवली तेव्हा अनेकांनी कौतुक केले. मीही सुखावलो.

रोपे सोडली त्या दिवशी शेजारच्या वाडीचे मालक, सत्तरीला आलेले एक गृहस्थ, काठावर उभे होते. गावात सगळे त्यांना आबा म्हणत. त्यांनी विचारले, ‘‘फादर, हे झाड कुठलं? ते इथे काय खाईल, आणि त्याला कोण खाईल?’’

मी हसलो. ‘‘आबा, फूल आहे ते. त्याला काय खायला लागतं?’’ असे म्हणून मी मिस्साबलीच्या तयारीला निघून गेलो.

आबांच्या प्रश्नाचे उत्तर मी पुढे, फार उशिरा, शोधले. ते आधी सांगतो.

जलपर्णीचे मूळ घर दक्षिण अमेरिकेत, ॲमेझॉनच्या खोऱ्यात. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ कार्ल फॉन मार्टियस १८१७ ते १८२० या काळात ब्राझीलमध्ये हिंडले आणि त्यांनी तिला ‘पाँटेडेरिया क्रासिपेस’ हे शास्त्रीय नाव दिले. क्रासिपेस म्हणजे जाड पायाची. तिचा देठ हवेने फुगलेला असतो, म्हणून ती तरंगते. मुळे पाण्यात झुपक्यांसारखी लोंबतात आणि पाण्यातूनच अन्न घेतात. तिच्या घरी तिला आवर घालणारे पुष्कळ आहेत. मनाऊस शहराजवळ नदीची पातळी वर्षभरात सरासरी १० मीटर चढते आणि उतरते. पूर आला की जलपर्णीची तरंगती कुरणे पसरतात आणि त्यांच्या मुळांत माशांची पिल्ले आसरा घेतात. पाणी उतरले की तीच कुरणे काठावर कोरडी पडून कुजतात आणि मातीला खत होतात. मॅनाटी नावाचा गोड्या पाण्यातला धिप्पाड सस्तन प्राणी तिला चरतो. लहान लहान सोंडे भुंगेरे तिची पाने कुरतडतात, त्यांच्या अळ्या तिचे देठ पोखरतात. तेथे ती कोणाचे तरी अन्न आहे, कोणाचे तरी घर आहे. तेथे ती खरोखरच चांगली आहे.

एकोणिसाव्या शतकात माणसाने तिला या घरातून उचलले. कारण एकच, तिचे फूल. अमेरिकेत न्यू ऑर्लिन्सच्या १८८४ च्या प्रदर्शनात तिची रोपे भेट म्हणून वाटली गेली, असे सांगतात. पुढील काही वर्षांत फ्लोरिडाच्या सेंट जॉन्स नदीत बोटी अडकू लागल्या. उपाय सुचेनात, तेव्हा १९१० साली लुइझियाना राज्याच्या एका प्रतिनिधीने अमेरिकेच्या काँग्रेसमध्ये आफ्रिकेतून पाणघोडे आणण्याचे विधेयक मांडले. पाणघोड्यांनी जलपर्णी खावी आणि माणसांनी पाणघोडे, असा हिशेब! ते मंजूर झाले नाही, म्हणून आज आपण हसू शकतो.

बंगालमध्ये मात्र हसण्यासारखे काही नव्हते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ती तेथे पोहोचली आणि दोन-तीन दशकांत भातशेते, खाड्या, नावांचे मार्ग तिने व्यापले. १९२१ साली सरकारने सर जगदीशचंद्र बोस यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती नेमली. १९३६ साली जलपर्णी काढणे बंधनकारक करणारा स्वतंत्र कायदा करावा लागला. १९३७ च्या निवडणुकीत राजकीय पक्षांनी बंगालला जलपर्णीमुक्त करण्याचे आश्वासन दिले. १९८० च्या दशकाच्या अखेरीस तीच कथा आफ्रिकेच्या व्हिक्टोरिया सरोवरात सुरू झाली आणि किसुमूसारख्या बंदरात कोळ्यांच्या होड्या काठालाच अडकून पडल्या.

या प्रत्येक ठिकाणी प्रारंभी कोणीतरी माझ्यासारखा माणूस असणार. हातात बादली, मनात सद्हेतू, आणि डोळ्यांसमोर एक जांभळे फूल.

आमच्या बावखलाचे काय झाले ते आता थोडक्यात सांगतो. जलपर्णी बियांपेक्षा धुमाऱ्यांनी अधिक वाढते. अनुकूल पाण्यात पंधरवड्याभरात ती दुप्पट होऊ शकते. चार रोपांचा हिशेब वाचकांनी स्वतः करून पाहावा. दर १५ दिवसांनी दुप्पट, तर सहा महिन्यांत १६,३८४. आणि जागा पुरली तर वर्षभरात ६ कोटी ७१ लाख. जागा अर्थातच पुरली नाही. दुसऱ्या पावसाळ्यानंतर पाणी दिसेनासे झाले. हिरव्या आच्छादनाखाली ऊन पोहोचेना, पाण्यातला प्राणवायू घटला. मासे पृष्ठभागाशी येऊन तोंड उघडू लागले आणि एके सकाळी काठाला पांढरे पोट वर करून पडलेले दिसले. डास वाढले, दुर्गंधी सुटली. पंपाच्या नळीत मुळे अडकू लागली. एवढा उपद्रव असेल तर बावखल बुजवूनच टाका, असे काही जण उघडपणे म्हणू लागले. बुजवलेल्या बावखलावर काय उभे राहते, हे वसईत कोणाला सांगावे लागत नाही.

तक्रारी माझ्यापर्यंत येत होत्या. त्यांना उत्तर म्हणून एका रविवारी मी प्रवचन दिले. विषय घेतला गहू आणि निदण यांच्या दृष्टांताचा. शेताचा धनी नोकरांना निदण उपटू देत नाही, कापणीपर्यंत दोन्ही एकत्र वाढू देतो. देवाच्या सहनशीलतेविषयी मी बराच वेळ बोललो. प्रवचन चांगले झाले, असे मला वाटले.

मिस्सा संपल्यावर आबा पायरीवर थांबले होते. आवाज चढवला नाही. म्हणाले, ‘‘फादर, त्या दृष्टांतातल्या धन्याने निदण पेरलं नव्हतं. ते वैऱ्याने पेरलं होतं. आपल्या बावखलात कोणी पेरलं?’’

माझ्यापाशी उत्तर नव्हते. माझी चूक झाकण्यासाठी मी प्रभूचे वचन वापरले होते, हे त्या क्षणी मला कळले. जलपर्णी आणण्यापेक्षा हा अपराध मोठा होता, असे मला आजही वाटते.

पुढे मी स्वतःचा बचाव अनेक प्रकारे करून पाहिला. पहिला बचाव हेतूचा. हेतू चांगला होता, म्हणून कृत्य क्षम्य आहे. दुसरा अज्ञानाचा. असे होईल हे मला ठाऊक नव्हते. गुरुविद्यालयात नीतिशास्त्र शिकलेल्या माणसाला हे दोन्ही बचाव किती तोकडे आहेत ते समजायला हवे. अज्ञान दोन प्रकारचे असते. एक, जे प्रयत्न करूनही दूर होत नाही. त्याचा दोष नाही. दुसरे, जे एका प्रश्नाने दूर झाले असते, पण प्रश्न विचारण्याचे कष्ट आपण घेतले नाहीत. संत थॉमस अक्वायनस अशा निष्काळजी अज्ञानाला दोषमुक्त मानत नाहीत. मला तर प्रश्न विचारण्याचेही कष्ट नव्हते. तो दुसऱ्याने विचारला होता. ज्याची वाडी त्या पाण्यावर जगत होती त्याने विचारला होता, आणि मी हसलो होतो. शिवाय पुण्याच्या नदीवर पसरलेली हिरवी चादर मी स्वतः पाहिली होती. ती नदीची गोष्ट, आपल्याकडे असे होणार नाही, अशी मी मनाची समजूत घातली. मला ठाऊक नव्हते असे मी म्हणू शकत नाही. मला ठाऊक करून घ्यायचे नव्हते.

मग फुलाचे काय? तारुण्यात संत ऑगस्टीन मानी नावाच्या गुरूच्या पंथात काही वर्षे होते. हा पंथ जडसृष्टीला मुळातच दुष्ट मानत असे. त्यातून बाहेर पडल्यावर ऑगस्टीन या निष्कर्षाला आले, की वाईट ही स्वतंत्र वस्तूच नाही. जेथे जे चांगले असायला हवे ते नसणे म्हणजे वाईट. आणि पाप म्हणजे बहुधा चांगल्याच वस्तूवर केलेले, पण क्रम चुकलेले प्रेम. जलपर्णीकडे पाहिले की हा विचार मला उमगतो. तिच्यात काहीही वाईट नाही. बावखलात जे नव्हते ते वाईट होते. नदीचा चढ-उतार नव्हता, चरणारा प्राणी नव्हता, कुरतडणारा भुंगेरा नव्हता. आणि माझ्या प्रेमाचा क्रम चुकला होता. पाण्यावर जगणाऱ्या माणसांच्या आधी मी पाण्यावरचे फूल ठेवले.

आबांच्या प्रश्नाचा दुसरा अर्धा भाग होता, ते इथे काय खाईल? याचे उत्तर अधिक अवघड आहे आणि ते एकट्या माझ्यापुरते नाही. जलपर्णीला नत्र आणि स्फुरद लागतो, आणि तो तिला सांडपाण्यातून भरपूर मिळतो. त्या सुमारास बावखलाभोवती नवी घरे उभी राहत होती आणि अनेकांच्या न्हाणीघराची, काहींच्या शौचालयाचीही, नळी गुपचूप त्या पाण्याकडे वळवलेली होती. चर्चच्या आवारातील गटारही तेथेच जात होते. माझी चार रोपे आम्हा सर्वांच्या घाणीवर पोसली गेली. आपल्या शहरांतील नद्यांवर जेव्हा जलपर्णी पसरते, तेव्हा ती आधीच मलिन झालेल्या पाण्याची साक्ष देत असते. पोप जॉन पॉल दुसरे यांनी १९८४ साली प्रायश्चित्ताविषयीच्या आपल्या प्रबोधनपत्रात सामाजिक पापाचा विचार मांडला. अशी पापे अनेक व्यक्तिगत पापांच्या साठ्यातून उभी राहतात, असे त्यांनी बजावले, म्हणजे ‘समाज वाईट आहे’ असे म्हणून कोणाला आपला वाटा झटकता येऊ नये. प्रत्येकाची नळी लहानच होती. बावखल मात्र एकच होते.

२००२ साली माझी बदली झाली. बदलीचे पत्र हाती आले तेव्हा मला सुटल्यासारखे वाटले, हे मी येथे लिहून ठेवतो. निरोपसमारंभात माझ्या फुलांच्या आवडीचाही गौरवाने उल्लेख झाला. आबा त्या समारंभाला आले होते आणि शेवटच्या रांगेत बसले होते.

त्याच वर्षी साधनेच्या दिवसांत मी एका वयोवृद्ध धर्मगुरूंपाशी पापनिवेदन केले. दृष्टांताचा मी केलेला दुरुपयोगही सांगितला. त्यांनी पापमुक्ती दिली, प्रायश्चित्त म्हणून प्रार्थना सांगितली, आणि मी उठणार इतक्यात विचारले, ‘‘तळे आता कोण साफ करतो आहे?’’

मला ठाऊक नव्हते. पण अंदाज होता.

१९९२ साली प्रकाशित झालेला कॅथलिक धर्मशिक्षणग्रंथ सांगतो, की पापमुक्तीने पाप नाहीसे होते, परंतु पापाने जी बिघाडी केली ती सर्व आपोआप दुरुस्त होत नाही. पाप्याने नुकसानभरपाई करण्यासाठी आणखी काही करायला हवे. चोरलेले परत करायला हवे, बदनामी केली असेल तर दुसऱ्याची अब्रू सावरायला हवी. हे मी धर्मशिक्षणाच्या वर्गात कित्येकदा शिकवले होते. मला ते समजले जलपर्णीमुळे. तिचे फूल कोमेजले की फुलांचा दांडा वाकतो आणि बी पाण्यात जाते. तळाच्या चिखलात ते बी २० वर्षांपर्यंत जिवंत राहू शकते. वरचे पाणी स्वच्छ दिसले म्हणून काम संपले असे नसते. क्षमा ही देवाची देणगी आहे, ती एका क्षणात मिळते. चिखल मात्र आपल्याला वर्षानुवर्षे उपसावा लागतो, आणि तो उपसण्याचे बळ त्या क्षमेतूनच येते. क्षमा मिळालेली नसती तर मी त्या काठावर पुन्हा पाऊल ठेवू शकलो नसतो.

२००३ च्या मे महिन्यात सुट्टी घेऊन मी गेलो. आबा गुडघाभर पाण्यात उभे होते, हातात दाताळे, सोबत दोन नातू. माझ्याकडे पाहून त्यांनी फक्त एवढेच म्हटले, ‘‘फादर, मुळासकट काढा. नुसती पानं तोडलीत तर काही उपयोग नाही.’’ आम्ही आठवडाभर काढत राहिलो. हळूहळू धर्मग्रामातील युवक आले, काही माताभगिनी आल्या. पुढच्या दोन वर्षांत घराघरांत बोलणी होऊन शोषखड्डे खणले गेले, चर्चचे गटारही वळवले गेले. सांडपाणी थांबल्यावर जलपर्णीचा जोर खरोखर ओसरला. २००५ साली पाणी मोकळे झाले. काढलेले ढीग आबांनी फेकू दिले नाहीत. कुजवून केळीच्या बुंध्याशी घातले.

पुढे वाचनात आले, की बांगलादेशच्या दक्षिणेकडील सखल भागात, जेथे शेते महिनोन् महिने पाण्याखाली असतात, तेथील शेतकरी याच जलपर्णीचे जाड तराफे रचून त्यांवर भाजीपाला पिकवतात. या तरंगत्या शेतीला २०१५ साली संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेने जागतिक महत्त्वाचा कृषी वारसा म्हणून मान्यता दिली. ज्या वनस्पतीविरुद्ध त्याच भूमीत कायदा करावा लागला होता, तिच्यातूनच भाकरीची सोय झाली. वाइटातून चांगले घडवणे हा देवाचा स्वभाव आहे, हे खरे. पण या वाक्याचा आधार घेताना मी सावध असतो. चांगले घडवण्याचे श्रम त्या शेतकऱ्यांनी केले. रोप आणणाऱ्याला त्याचे श्रेय घेता येणार नाही.

आपल्या देशातही १९८० च्या दशकाच्या प्रारंभी बंगळूरच्या शास्त्रज्ञांनी जलपर्णीवर जगणारे सोंडे भुंगेरे परदेशातून आणवले. परंतु ते पाण्यात सोडण्यापूर्वी त्यांच्यासमोर इतर अनेक वनस्पती ठेवून ते आणखी काही खातात का, याची परीक्षा घेतली. म्हणजे, आबांचा प्रश्न त्यांनी आधी विचारला. नैतिक जीवनात एवढाच फरक पुष्कळदा निर्णायक ठरतो.

वाचकहो, बादली घेऊन निघालेले आपण सगळेच असतो. मुलीचे भले व्हावे म्हणून तिला न विचारता लग्न ठरवतो. भावाच्या सोयीसाठी म्हणून त्याच्या माघारी वाडीची वाटणी करतो. धर्मगुरू म्हणून आम्ही जुनी प्रथा मोडतो, नवी सुरू करतो, आणि लोकांच्या भल्यासाठी केले असे म्हणतो. हेतू बहुतेक वेळा निर्मळच असतो. पण ज्याच्या पाण्यात आपण आपले फूल सोडणार, तो काठावर उभा असतो आणि काहीतरी विचारत असतो. त्याचे ऐकून घेणे ही प्रेमाची पहिली पायरी आहे. ती चुकलीच, तर क्षमा आहे, आणि क्षमेनंतर दाताळे आहे.

आबा २०११ साली देवाघरी गेले. बावखल आहे. उन्हाळ्यात पाणी उतरले की काठाच्या ओल्या चिखलात कधी दोन, कधी चार कोवळी रोपे उगवलेली सापडत. पोप फ्रान्सिस यांचे सृष्टीच्या जतनाविषयीचे परिपत्रक २०१५ साली आले, त्या वर्षी मी एकटाच गेलो होतो. तीन रोपे सापडली. एकाला कळी होती. मी ती जरा वेळ हातात धरून पाहत राहिलो. काठावरून आबांचा थोरला नातू, आता दोन मुलांचा बाप, हाक मारून म्हणाला, ‘‘फादर, मुळासकट.’’